यांत्रिक भाषांतरातील द्विभाषी कोशसंचिका : रचना, संपादन आणि जतन

द्विभाषी कोश म्हटला की मराठी अभ्यासकाच्या डोळ्यांपुढे मोल्सवर्थचा कोश उभा राहतो. १८३१ साली पहिल्यांदा आणि १८५७ साली सुधारून वाढविलेल्या स्वरूपात प्रसिद्ध झालेला हा कोश माणसाने वाचावा म्हणून रचलेला आहे. त्याच्या नोंदीत जे सांगितलेले नाही ते वाचक आपल्या भाषाज्ञानातून भरून काढतो. 'घोडा' या नोंदीखाली 'घोड्यावरून' हे रूप नसले तरी कोणाचे अडत नाही. यांत्रिक भाषांतरासाठी केलेल्या कोशाचा वाचक मात्र यंत्र असते आणि त्याला कसलेच पूर्वज्ञान नसते. कोशकाराने गृहीत धरलेली प्रत्येक गोष्ट तेथे उघड लिहावी लागते. त्यामुळे अशा कोशाची संचिका ही एका अर्थाने भाषेच्या व्याकरणाची, आणि दोन भाषांमधील संबंधाविषयी संपादकाने घेतलेल्या असंख्य निर्णयांची नोंदवही ठरते. तिचे संपादन कसे होते, त्यासाठी रचलेली साधने जुनी झाल्यावर तिचे काय होते, आणि या सगळ्याशी मराठीच्या अभ्यासकाचा संबंध कोणता, याचा विचार येथे करावयाचा आहे.

यांत्रिक भाषांतराच्या आरंभीच्या प्रयोगांत कोश आणि आज्ञावली यांच्यात फारसे अंतर नव्हते. १९५४ च्या जानेवारीत न्यूयॉर्क येथे जॉर्जटाउन विद्यापीठ आणि आयबीएम यांनी रशियन वाक्यांच्या इंग्रजी भाषांतराचे जे जाहीर प्रात्यक्षिक केले, त्यात अवघे २५० शब्द आणि सहा नियम होते. शब्द इतके थोडे असताना कोशाचे संपादन हा स्वतंत्र प्रश्न उद्भवत नाही. कोश वाढू लागला की तो उद्भवतो. शब्द भाषाभ्यासकाने द्यावयाचे आणि आज्ञावली तंत्रज्ञाने लिहावयाची, तर दोघांनी एकमेकांच्या कामात हात न घालता काम करता आले पाहिजे. म्हणून कोश आज्ञावलीतून बाहेर काढून वेगळ्या संचिकेत ठेवण्याची पद्धत रूढ झाली. पुढे सांगावयाच्या बहुतेक गोष्टी या एका विभाजनातून निघतात.

या पद्धतीचे स्पष्ट आणि सर्वांना तपासता येईल असे उदाहरण म्हणजे स्पेनमधील आलिकांते विद्यापीठात आकाराला आलेली 'अपर्टियम' ही प्रणाली. मिकेल फोरकादा आणि त्यांचे सहकारी यांनी तेथे आधी स्पॅनिश व कातालान या भाषांसाठी 'इंटरनोस्ट्रम' नावाची भाषांतरप्रणाली केली होती. त्या अनुभवावर उभी राहिलेली अपर्टियम २००५ मध्ये मुक्त परवान्याखाली खुली झाली. स्पॅनिश, कातालान, गालिसियन, पोर्तुगीज अशा जवळच्या नात्यातील भाषा हे तिचे मूळ क्षेत्र. मराठी आणि हिंदी यांचे नातेही साधारण तसेच असल्याने या प्रणालीच्या कोशरचनेकडे मराठीच्या बाजूने पाहणे उपयुक्त आहे.

एका भाषाजोडीसाठी तेथे तीन कोश लागतात. दोन एकभाषिक आणि एक द्विभाषी. एकभाषिक कोश त्या त्या भाषेच्या रूपांचे ज्ञान सांगतो. वाक्यात प्रत्यक्ष आलेले रूप डावीकडे, आणि त्याचे विश्लेषण, म्हणजे कोशरूप व व्याकरणिक लक्षणे, उजवीकडे. द्विभाषी कोशात रूपे नसतातच. तेथे एका भाषेचे कोशरूप दुसऱ्या भाषेच्या कोशरूपाशी जोडलेले असते. सगळी संचिका साध्या मजकुरात, 'एक्सएमएल' या खूणपद्धतीत लिहिलेली असते. 'ई' ही खूण नोंदीची, 'पी' जोडीची, 'एल' आणि 'आर' डाव्या-उजव्या बाजूंच्या, 'एस' व्याकरणिक लक्षणाची. खुणा इतक्या थोड्या की भाषाभ्यासक एका दुपारी त्या शिकू शकतो. लिहून झालेली संचिका मग एका आज्ञावलीकडून यंत्राला वेगाने वाचता येईल अशा रूपात 'संकलित' केली जाते. हे संकलित रूप माणसाला वाचता येत नाही आणि वाचण्याची गरजही नसते. मूळ संचिका हाती असेल तर ते पुन्हा केव्हाही तयार करता येते. उलट प्रवास मात्र अवघड आणि तोट्याचा असतो. कितीतरी संस्थांनी नेमकी संकलित संचिका जपली आणि मूळ हरवले, ही या क्षेत्रातील नित्याची हानी आहे.

एकभाषिक कोशाचा गाभा म्हणजे रूपावली. संस्कृत शिकणाऱ्याला 'देव शब्दाप्रमाणे चालवा' एवढे सांगितले की पुरते. एका आदर्श शब्दाची रूपे पाठ असली की त्या वर्गातील शेकडो शब्द चालविता येतात. संगणकीय कोशही हेच करतो. एका नमुनाशब्दाच्या नावाने रूपावली लिहावयाची आणि इतर शब्दांच्या नोंदीत फक्त तिचा निर्देश करावयाचा. भारतात ही पद्धत याच्याही आधी वापरात होती. आयआयटी कानपूर येथे सुरू होऊन नंतर हैदराबादला गेलेल्या 'अनुसारक' प्रकल्पात मराठीसह पाच भारतीय भाषांतून हिंदीत जाण्याचा प्रयत्न झाला. त्या परंपरेतील विनीत चैतन्य आणि राजीव संगल यांनी 'अक्षर भारती' या नावाने चाललेल्या गटाच्या वतीने १९९५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाणिनीय दृष्टिकोनावरील इंग्रजी ग्रंथात शब्दाच्या शेवटातून काय काढावयाचे आणि काय जोडावयाचे याची कोष्टके रूपावलीच्या पायावरच मांडलेली आहेत.

मराठीत ही पद्धत कशी कसाला लागते ते सामान्यरूपात दिसते. 'माणूस' आणि 'कापूस' हे शब्द कानाला एकाच वर्गातले वाटतात. 'माणसाला', 'कापसाला' ही रूपेही तशीच होतात. 'पाऊस' मात्र 'पावसाला' होतो, म्हणजे तेथे 'ऊस'च्या जागी 'वसा' येते. मग 'माणूस' आणि 'कापूस' यांना एक रूपावली द्यावी काय? देता येत नाही, कारण 'माणूस'चे अनेकवचन 'माणसे' होते आणि 'कापूस'चे तसे होत नाही. शाळेच्या व्याकरणात अपवाद म्हणून तळटीपेत जाणारा शब्द येथे स्वतःची रूपावली मागतो. त्यातही लिपीची एक अडचण आहे. संगणकाच्या लेखी 'कापूस' या शब्दातील दीर्घ उकार हे स्वतंत्र चिन्ह असते. त्यामुळे स्थिर भाग 'काप' आणि बदलणारा भाग दीर्घ उकाराच्या मात्रेपासून सुरू, असा छेद अक्षराच्या मधोमध जातो. संचिकेत एकटी मात्रा लिहिली की पडद्यावर ती ठिपक्यांच्या वर्तुळाला लटकलेली दिसते. संपादकाला ते दृश्य विचित्र वाटते, पण नोंद बरोबर असते. नवख्या संपादकाने ते वर्तुळ 'दुरुस्त' करू नये, एवढेच पाहावे लागते.

मराठीतील प्रत्यय आणि शब्दयोगी अव्यये एकावर एक चढतात. 'घर', 'घरा', 'घरासमोर', 'घरासमोरचा', 'घरासमोरच्यांना', 'घरासमोरच्यांनासुद्धा'. ही सारी रूपे एकेक करून लिहिणे अशक्य असल्याने रूपावलीतून दुसऱ्या रूपावलीला बोलावण्याची सोय वापरावी लागते. नामाची रूपावली सामान्यरूपापर्यंत नेते, तेथून शब्दयोग्यांची रूपावली सुरू होते, पुढे 'चा-ची-चे'ची. दामले यांच्या व्याकरणापासून चालत आलेला, विभक्तिप्रत्यय कोठे संपतो आणि शब्दयोगी अव्यय कोठे सुरू होते हा वाद येथे व्यावहारिक स्वरूपात पुन्हा उभा राहतो. संपादकाला दोन्ही मतांची नोंद घेऊन पुढे जाता येत नाही. संचिकेत एकच रचना बसते.

द्विभाषी कोशाकडे वळले तर त्याची नोंद दिसावयास अगदीच साधी असते. डावीकडे मराठी 'पुस्तक', नाम, नपुंसकलिंग. उजवीकडे हिंदी 'पुस्तक', नाम, स्त्रीलिंग. शब्द तोच, लिंग वेगळे, आणि नेमके हे वेगळेपण नोंदणे हाच नोंदीचा हेतू. ते नोंदले असेल तरच पुढचा टप्पा 'जुने पुस्तक'चे 'पुरानी पुस्तक' असे भाषांतर करू शकतो. 'आवाज' मराठीत पुल्लिंगी आणि हिंदीत स्त्रीलिंगी, 'देह'चेही तसेच. 'घर' आणि 'पाणी' मराठीत नपुंसकलिंगी, हिंदीत पुल्लिंगी. इंग्रजीतून मराठीत येताना 'स्टुडंट' या शब्दासाठी 'विद्यार्थी' की 'विद्यार्थिनी' हे कोशाला ठरविता येत नाही. अशा ठिकाणी 'लिंग अद्याप ठरावयाचे आहे' अशा अर्थाची खूण घालण्याची सोय अपर्टियममध्ये आहे. निर्णय वाक्याच्या पातळीवर ढकलला जातो, आणि तो ढकलला आहे हे संचिकेत दिसत राहते. छापील कोशात अशी प्रामाणिक जागा क्वचितच सापडते.

नोंदीला दिशाही असते. एरवी तीच नोंद दोन्हीकडून वाचली जाते. परंतु 'एलआर' असा निर्बंध घातला तर ती फक्त डावीकडून उजवीकडे लागू होते, 'आरएल' घातला तर फक्त उलट. मराठी 'काल' आणि 'उद्या' या दोहोंसाठी हिंदीत 'कल' हा एकच शब्द आहे. मराठीतून हिंदीत जाताना दोन्ही नोंदी निर्धोक. हिंदीतून मराठीत येताना मात्र 'कल'ला दोन उमेदवार उभे राहतात. क्रियापदाचा काळ पाहून निवड करणारा स्वतंत्र नियम नसेल, तर संपादकाने एका नोंदीवर निर्बंध घालून दुसरी पुढे करावी लागते. म्हणजे अर्ध्या वेळा चुकणार हे ठाऊक असताना निर्णय करावा लागतो. 'परवा'ची गोष्ट याहून मजेशीर आहे. तो शब्द मराठीत मागच्या आणि पुढच्या अशा दोन्ही दिवसांना चालतो, हिंदी 'परसों'ही तसाच. दोन संदिग्ध शब्द एकमेकांशी नेमके जुळतात आणि भाषांतर बिनचूक होते. कोणत्याही अर्थनिर्णयाची गरजच पडत नाही.

मराठी-हिंदीच्या बाबतीत एक धोका विशेष आहे. कोशात नसलेला शब्द अपर्टियम जशाच्या तसा पुढे पाठविते आणि त्याच्या आरंभी तारकाचिन्ह लावते. लिप्या वेगळ्या असतील तर न भाषांतरलेला शब्द लगेच डोळ्यांत भरतो. येथे दोन्ही भाषांची लिपी देवनागरी. 'संशोधन' हा शब्द कोशात नसेल आणि वाचकाच्या सोयीसाठी तारका काढून टाकली असेल, तर मराठी 'संशोधन' हिंदी वाक्यात निमूट जाऊन बसतो आणि तेथे त्याचा अर्थ 'दुरुस्ती' असा होतो. 'शिक्षा', 'चेष्टा', 'राजीनामा' हे शब्दही असेच वेषांतर करतात. विद्यापीठाच्या 'संशोधन मंडळा'चे काम हिंदी वाचकाला ठरावांच्या दुरुस्त्या करण्याचे वाटू शकेल. म्हणून या जोडीत दोन्ही भाषांत दिसणारे तत्सम आणि फारसी-अरबी शब्द, ते 'सोपे' वाटतात तरी, कोशात सर्वांत आधी तपासून घालणे आवश्यक ठरते.

आता संपादनाच्या साधनांकडे यावे. साध्या मजकुराची संचिका कोणत्याही मजकूर-संपादकात उघडता येते, परंतु नोंदी हजारोंच्या घरात गेल्या की हाताने काम पुरत नाही. त्यासाठी अपर्टियमच्या भोवती 'डिक्सटूल्स' नावाचा आज्ञावलींचा संग्रह जावा भाषेत तयार झाला. संचिका वाचून तिच्यातील नोंदी स्मृतीत वस्तुरूपाने उभ्या करावयाच्या, त्यांवर क्रिया करावयाच्या आणि परत संचिका लिहावयाची, हे त्याचे स्वरूप. नोंदी अकारविल्हे लावणे, दुबार नोंदी काढणे, दोन संचिका एकत्र करणे, एकसारख्या रूपावली शोधणे, द्विभाषी कोशाच्या बाजू उलटविणे अशी कामे त्यातून होत. आज हा संग्रह जुन्या पिढीतील साधन म्हणून गणला जातो. त्याने हाताळलेले प्रश्न मात्र जुने झालेले नाहीत.

त्यांतील सर्वांत मोहक क्रिया म्हणजे कोशांचा संकर. 'अ' ते 'आ' असा एक कोश आहे आणि 'आ' ते 'इ' असा दुसरा आहे, तर मधली भाषा पूल करून 'अ' ते 'इ' असा तिसरा कोश यंत्राकडूनच करून घ्यावयाचा. भारतासारख्या बहुभाषी देशात हिंदी किंवा इंग्रजीचा पूल करून सर्व भाषांचे परस्परकोश एका रात्रीत सिद्ध होतील, असे कोणालाही वाटावे. मराठी-हिंदी आणि हिंदी-इंग्रजी अशा दोन कोशांचा संकर करून पाहिला की मोह ओसरतो. 'काल'पासून 'कल' आणि 'कल'पासून 'टुमॉरो' अशी साखळी तयार होते. चार जोड्या जन्मतात, त्यांपैकी दोन बरोबर आणि दोन संपूर्ण उलट. मधल्या भाषेतील संदिग्धता दोन्ही बाजूंना पसरते. संकराचा उपयोग नाही असे नव्हे. विज्ञानातील पारिभाषिक शब्द, विशेषनामे, वनस्पतींची शास्त्रीय नावे यांत तो वेळ वाचवितो. पण त्यातून निघालेली संचिका कच्चा खर्डा मानली पाहिजे, आणि प्रत्येक नोंद कोणत्या मार्गाने आली याची खूण तिच्यासोबत राहिली पाहिजे. ती खूण नसेल तर पुढच्या संपादकाला तपासलेली नोंद आणि यंत्रजन्य नोंद यांतील फरक कळावयास वाव राहत नाही.

पाठचिकित्सेचा अभ्यास असलेल्यांना ही परिस्थिती ओळखीची वाटेल. ज्ञानेश्वरीच्या किंवा महानुभावीय पोथ्यांच्या प्रतींत लेखकूने समासातील टीप मजकुरात ओढली, न समजलेला शब्द ओळखीच्या शब्दाने बदलला, अशी उदाहरणे सापडतात. संपादन-आज्ञावली हीही एक लेखकूच असते, फक्त ती कधी थकत नाही आणि तिच्या चुका सर्वत्र सारख्या असतात. एक्सएमएल संचिकेत भाषाभ्यासक 'हा शब्द कोकणात या अर्थी नाही' अशी टिप्पणी यंत्राने दुर्लक्षावी अशा खुणेत लिहून ठेवतो. संचिका वाचून पुन्हा लिहिणारी आज्ञावली निष्काळजीपणे रचलेली असेल तर अशा टिप्पण्या तिला दिसत नाहीत आणि म्हणून नव्या प्रतीत उरत नाहीत. नोंदी अकारविल्हे लावल्या की त्या कोणत्या क्रमाने आणि कोणत्या गटात घातल्या होत्या हे पुसले जाते. अपर्टियमच्या रचनाकारांनी नोंदीच्या खुणेतच कोशरूप, कर्ता आणि अभिप्राय यांसाठी तीन जागा ठेवल्या आहेत, त्या याच दृष्टीने महत्त्वाच्या. त्या जागा भरणे ऐच्छिक असल्यामुळे घाईत त्या रिकाम्या राहतात, हे वेगळे. संचिकेच्या प्रत्येक बदलाचा इतिहास ठेवणाऱ्या आवृत्ती-नियंत्रणाने ही उणीव बरीच भरून निघते. अपर्टियमच्या संचिका प्रथम 'सोर्सफोर्ज'वर होत्या, २०१८ मध्ये त्या 'गिटहब'वर नेण्यात आल्या.

भारतीय भाषांच्या जुन्या संचिकांत याहून खोल अडचण आहे, ती अक्षरांच्या संकेतनाची. १९९१ साली भारतीय मानक म्हणून 'इस्की' स्वीकारले गेले. त्याच वर्षी युनिकोडची पहिली आवृत्तीही आली, पण मराठी व्यवहारात ती रुजण्यास पुढे बराच काळ गेला. मधल्या काळात मजकूर कोठे इस्कीत, कोठे विशिष्ट फाँटच्या खाजगी संकेतनात लिहिला गेला. फाँटआधारित लेखनात अक्षराचे चित्र साठविले जाते, ध्वनी साठविला जात नाही. 'कि' लिहिताना आधी ऱ्हस्व वेलांटी आणि मग 'क' असा क्रम येतो, कारण वेलांटी डावीकडे दिसते. अशा संचिकेत अकारविल्हे क्रम लागत नाही आणि रूपावलीचा छेदही जमत नाही. अनुसारकच्या परंपरेने तिसरा मार्ग काढला. देवनागरी अक्षरांना रोमन अक्षरे नेमून दिली. त्यात 'डब्ल्यू' म्हणजे 'त' आणि 'एक्स' म्हणजे 'द', म्हणून या पद्धतीचे नाव 'डब्ल्यूएक्स' पडले. एका वर्णाला एकच अक्षर असल्याने यंत्राला ती फार सोयीची होती. पण तीत लहान 'के' म्हणजे 'क' आणि मोठे 'के' म्हणजे 'ख', लहान 'ए' म्हणजे 'अ' आणि मोठे म्हणजे 'आ'. इंग्रजीसाठी रचलेले एखादे साधन सवयीने सर्व अक्षरे लहान करते. तसे येथे झाले की 'कल', 'काल', 'खल' हे तिन्ही शब्द एक होऊन जातात, आणि त्यांना पुन्हा वेगळे करण्याचा कोणताही मार्ग संचिकेत उरत नाही.

युनिकोड आल्याने हा प्रश्न मिटला असे समजणे घाईचे होईल. मराठीतील 'ॲ' या अक्षराला युनिकोडमध्ये स्वतंत्र स्थान मिळाले ते २००८ मध्ये. त्यापूर्वीच्या संचिकांत ते अक्षर कोठे 'अ' आणि अर्धचंद्र असे जोडून, तर कोठे हिंदी वळणाच्या 'ऍ'ने लिहिलेले आढळते. यंत्राच्या दृष्टीने हे तीन वेगळे शब्दारंभ आहेत. अर्ध्या 'ऱ'ची गोष्ट अधिक गंभीर आहे. 'आचारी' या शब्दाचे 'आचाऱ्यांना' आणि 'आचार्य' या शब्दाचे 'आचार्यांना' हा भेद मराठीत अर्थाचा भेद आहे, जसा 'दऱ्या' आणि 'दर्या' यांतला. हा अर्धा 'ऱ' एका पद्धतीत नुक्तायुक्त 'र'च्या स्वतंत्र चिन्हापासून सिद्ध होतो, दुसऱ्या पद्धतीत साधा 'र', हलंत आणि एक अदृश्य जोडचिन्ह यांपासून. पडद्यावर दोन्ही सारखेच दिसतात. कोशात एक पद्धत आणि भाषांतरावयाच्या मजकुरात दुसरी असेल तर शब्द सापडत नाही. आणि मजकूर 'स्वच्छ' करणाऱ्या एखाद्या आज्ञावलीने अदृश्य चिन्हे निरुपयोगी समजून गाळली, तर 'आचाऱ्यांना' दिलेले जेवणाचे आदेश 'आचार्यांना' जातात. चूक कोठेच दिसत नाही, कारण उरलेला शब्दही शुद्ध मराठी आहे. मराठीसाठी कोशसंचिका हाताळणाऱ्या कोणत्याही साधनाची पहिली परीक्षा या एका शब्दजोडीवर घ्यावी.

साहित्याच्या अभ्यासकाला या तंत्रातील एक सोय विशेष उपयोगी पडण्याजोगी आहे. मराठी साहित्य महामंडळाच्या १९६२ च्या शुद्धलेखन-नियमांपूर्वीचे लेखन 'करणें', 'मुलें', 'घरांत' अशा अनुस्वारांनी भरलेले आहे. यंत्राला ही रूपे ओळखता आली पाहिजेत, पण मराठीत लिहिताना त्याने ती निर्माण करू नयेत. एकभाषिक कोशात 'फक्त विश्लेषणासाठी' हा निर्बंध घातला की हे साधते. 'करणें' आणि 'मुलें' या रूपांबाबत अडचण येत नाही. 'घरांत' मात्र आजच्या लेखनात अनेकवचन आहे, आणि जुन्या लेखनात ते एकवचनही असू शकते. दोन्ही विश्लेषणे एकाच कोशात ठेवली तर आजच्या वृत्तपत्रातील प्रत्येक 'घरांत' विनाकारण संदिग्ध होतो. यावर अपर्टियममधील पर्यायांची सोय लागू पडते. पोर्तुगीजची युरोपीय आणि ब्राझिली रूपे, कातालानची वालेन्सियातील रूपे यांसाठी नोंदींवर पर्यायाची खूण असते आणि एकाच संचिकेतून हवा तो कोश संकलित करता येतो. मराठीत 'जुने लेखन' असा पर्याय करून हरिभाऊंच्या कादंबऱ्यांसाठी एक आणि चालू गद्यासाठी दुसरा कोश त्याच मूळ संचिकेतून काढता येईल.

२०१६ नंतर मज्जातंतुसदृश जाळ्यांवर आधारलेली भाषांतरपद्धती सर्वत्र पसरली, २०१७ मध्ये गूगलच्या भाषांतरसेवेत ती मराठीलाही लागू झाली. त्या पद्धतीत हाताने रचलेला कोश नसतो आणि प्रवाही वाक्यरचनेत ती पुष्कळ पुढे आहे. परंतु 'आवाज' हिंदीत स्त्रीलिंगी आहे हे तिला कोठून कळले, किंवा एखादी चूक कोठे दुरुस्त करावी, हे बोट ठेवून दाखविता येत नाही. कोशसंचिकेत ती एक ओळ असते. विपुल मजकूर उपलब्ध नसलेल्या भाषांना आणि बोलींना अजूनही याच मार्गाचा आधार आहे.

मोल्सवर्थचा कोश शिकागो विद्यापीठाच्या दक्षिण आशियाई कोशप्रकल्पामुळे शोधता येईल अशा रूपात उपलब्ध झाला आहे. त्याचे रूपांतर यांत्रिक भाषांतराच्या कोशात करावयाचे झाले तर काय हाती लागेल? लिंगाची आणि शब्दजातीची संक्षिप्त चिन्हे प्रत्येक नोंदीत आहेत, ती सरळ लक्षणांत बदलता येतील. रूपावली मात्र तेथे नाही, ती प्रत्येक शब्दाला नव्याने द्यावी लागेल. इंग्रजी बाजूही जशीच्या तशी चालणार नाही, कारण मोल्सवर्थ बहुधा प्रतिशब्दावर न थांबता अर्थाचे विवरण करतो. यंत्राला विवरण वाक्यात बसविता येत नाही. वाक्प्रचारांचे काम तुलनेने सोपे जाईल. स्पॅनिशमध्ये क्रियापद वाक्प्रचाराच्या आरंभी येते आणि रूपबदल पोटात होतो, म्हणून अपर्टियममध्ये त्यासाठी वेगळी खूण करावी लागली. मराठीत क्रियापद शेवटी असते. 'लक्षात ठेवणे' याचा पहिला भाग स्थिर ठेवून 'ठेवणे'ला रूपावली जोडली की काम भागते. भागत नाही ते 'लक्षातच ठेवले नाही' असे कोणी लिहिल्यावर. 'च' आणि 'ही' या दोन अव्ययांना मधे शिरण्याची वाट प्रत्येक वाक्प्रचारात ठेवावी लागेल.

आणि 'वेळ'सारख्या शब्दापाशी पुन्हा थांबावे लागेल. कालावधी या अर्थी 'खूप वेळ गेला' असा तो पुल्लिंगी, नेमका क्षण किंवा प्रसंग या अर्थी 'वेळ आली' असा स्त्रीलिंगी. संचिकेत त्याच्या दोन नोंदी होतील, आणि हिंदीकडे जाताना दोन्ही 'समय'वर पोचतील. हिंदीतून परत येताना कोणती नोंद चालू ठेवावयाची हे संपादकाने ठरवून, ज्या नोंदीवर निर्बंध घातला तिच्या अभिप्रायाच्या जागेत त्याचे कारण लिहून ठेवावयाचे आहे.